बर्फातलं भोक आणि पाणमांजराचा हिवाळा

प्रश्न असा आहे: "उणे तीस अंशांत पाणमांजरं बर्फावर घसरगुंडी खेळतानाचा व्हिडिओ पाहिला. त्यांना थंडी वाजत नाही का? नदी-तळी गोठल्यावर ती खातात काय, श्वास कुठून घेतात? अस्वलासारखी झोपून का जात नाहीत? आणि मी फेब्रुवारीत यलोस्टोनला आलो तर मला दिसतील का?"

मी मूळचा सातारा जिल्ह्यातला. गेले चौदा हिवाळे अमेरिकेतल्या यलोस्टोन राष्ट्रीय उद्यानाच्या उत्तर टोकाला वाटाड्याचं काम करतोय. लोक येतात लांडगे बघायला, आणि परत जाताना बोलतात पाणमांजरांबद्दल. तुमचा व्हिडिओ मी पाहिलेला नाही, पण तसं दृश्य शेकडो वेळा पाहिलंय. तुमच्या चार प्रश्नांपैकी पहिला सगळ्यात सोपा, म्हणून तो थोडा मागे ठेवतो. खरी गोष्ट दुसऱ्या प्रश्नात आहे, श्वास कुठून घेतात त्यात.

आधी नावाचं. मांजराशी या प्राण्याचं काही नातं नाही. मिंक, वीझल, मार्टेन यांच्या कुळातला हा. इथलं पाणमांजर म्हणजे उत्तर अमेरिकेचं नदीतलं पाणमांजर. वजन पाच ते चौदा किलो, लांबी शेपटीसकट मीटरभर किंवा थोडी जास्त, आणि त्यातला तिसरा हिस्सा नुसती शेपूट. समुद्रात उताणं तरंगत पोटावर शिंपले फोडतं ते समुद्री पाणमांजर वेगळं. दोघांची गल्लत फार होते.

अस्वल झोपू शकतं, कारण ते उन्हाळाभर चरबी साठवतं. पाणमांजराला तो मार्गच बंद आहे. त्याला माशाच्या मागे वाकत-वळत पोहायचं असतं. गोल गरगरीत होऊन ते जमणार नाही. अंग सडपातळ, पोटातली भट्टी मात्र सतत पेटलेली. दिवसाला किलो-दीड किलो मासळी हवीच. म्हणजे उणे तीस असो की उणे चाळीस, रोज पाण्यात उतरावं लागतं, आणि उतरायचं तर बर्फात भोक हवं. आमच्या बोलण्यात तो शब्द सारखा येतो. "आज कुठल्या भोकावर आहेत?" एवढं विचारलं की समोरच्याला कळतं.

पाणमांजर पातळ बर्फ डोक्यानं फोडतं, पण हातभर जाड लादी फोडणं त्याच्या आवाक्यातलं नाही. त्यामुळे ते आयत्या भोकांवर जगतं. यलोस्टोन या बाबतीत नशीबवान. जमिनीखाली ज्वालामुखीची उष्णता असल्यामुळे फायरहोल आणि मॅडिसन या नद्यांत गरम पाणी मिसळत राहतं आणि त्यांचे लांबच लांब पट्टे हिवाळाभर वाहते असतात. यलोस्टोन सरोवर मात्र डिसेंबरअखेर गोठतं ते थेट मेअखेरीस, कधी जूनमध्ये मोकळं होतं. 2,357 मीटर उंचीवरचं, साडेतीनशे चौरस किलोमीटरचं पाणी पांढऱ्या माळासारखं दिसतं. तिथेही नदी जिथून बाहेर पडते त्या फिशिंग ब्रिजजवळ पाणी उघडं सापडतं. उत्तरेकडे लामार आणि सोडा ब्यूट या नद्यांवर झऱ्यांची तोंडं, खळाळ, वळणावरचे ओघ अशा जागा असतात. पाणमांजराच्या डोक्यात या जागांचा नकाशा पक्का असतो. शेजारच्या आयडाहो राज्यातल्या अभ्यासात एकेका प्राण्याचा वावर नदीच्या आठ ते अठ्ठ्याहत्तर किलोमीटर लांबीत आढळला होता. एवढ्या टापूतली उघडी तोंडं त्याला माहीत असावी लागतात.

आता भोकाच्या आत काय असतं ते बघा. हिवाळ्यात डोंगरावरचं पाणी हिम होऊन अडकतं, म्हणून नदीची पातळी उतरते. पण काठाला धरून आधी गोठलेली लादी तिथेच राहते. छत वर आणि पाणी वीतभर खाली. मधल्या पोकळीत हवा. पाणमांजर त्या पोकळीतून नाक वर काढत, कधी चक्क काठाच्या गोट्यांवरून चालत पुढे जातं. एका भोकात गेलेलं जनावर पन्नास-साठ पावलांवरच्या दुसऱ्या भोकातून मासा घेऊन वर आलं की नवख्यांना वाटतं हे दुसरंच. मलाही पहिल्या हिवाळ्यात तसंच वाटायचं. माझ्या त्या वर्षीच्या वहीत पाणमांजरांची संख्या बरीच फुगलेली आहे.

तळ्यांत ही पोकळी आपोआप होत नाही. तिथे पाणमांजर जे करतं ते ऐकून आमच्या गावाकडच्या पाटपाण्याच्या भांडणांची आठवण येते. बीव्हर नावाचा प्राणी लाकूड-चिखलाचे बांध घालून तळी करतो. कॅनडातल्या अल्बर्टात 1980च्या दशकात झालेल्या अभ्यासात दिसलं की ऐन हिवाळ्यात पाणमांजरं या बांधांना पाण्याच्या पातळीखाली आरपार बोगदा पाडतात. तळ्याचं पाणी उतरतं, लादीखाली हवेची पोकळी तयार होते, आणि उरलेल्या थोड्या पाण्यात मासे दाटीवाटीनं गोळा होतात. एका बोगद्यात श्वासाची, वाटेची आणि जेवणाची सोय. बीव्हर बिचारा नंतर बांध दुरुस्त करत बसतो. वर त्याच्याच सोडून दिलेल्या घरात पाणमांजर राहायला जातं. पण बीव्हर नसता तर तळीच नसती, त्यामुळे जिथे बीव्हर परत आला तिथे पाठोपाठ पाणमांजरंही आली, असं बऱ्याच नद्यांवर झालंय.

बुडी किती वेळ? पुस्तकांत आठ मिनिटांचा आकडा असतो. माझ्या घड्याळात बहुतेक बुड्या मिनिटाच्या आतबाहेर संपतात. बुडी मारताना हृदयाचे ठोके मंदावतात, नाकपुड्या आणि कान मिटतात. लादीखालच्या अंधारात डोळ्यांपेक्षा मिशा कामाला येतात. माशाच्या हालचालीनं पाण्यात उठणारी लहर मिशांना कळते. आणि शिकार म्हणाल तर सुस्त मासा आधी. तळाशी रेंगाळणारे सकर, दगडाआडचे बोटभर स्कल्पिन हे मिळत असतील तर चपळ ट्राउटच्या मागे कोण धावेल? बारीक मासा पाणमांजर पाण्यातच डोकं वर काढून कडाकडा चावून संपवतं. मोठा असेल तर लादीवर आणून, पुढच्या पंजांत धरून, डोक्याकडून सुरुवात.

आता थंडी. हवा उणे तीस असते तेव्हा लादीखालचं पाणी शून्याच्या आसपास असतं. म्हणजे आकड्यानं पाहिलं तर पाणी हवेपेक्षा तीस अंश उबदार. पण पाणी अंगातली उष्णता हवेच्या जवळजवळ पंचवीसपट वेगानं ओढून नेतं. या ओढीला आडवी येते ती लव. एका चौरस सेंटिमीटरला सत्तावन्न हजारांच्या आसपास केस. आपल्या डोक्यावर तेवढ्या जागेत साधारण दोनशे असतात. वरचे केस राठ आणि लांब, खालची लव मऊ, दाट, एकमेकांत गुंतलेली. त्या गुंत्यात हवा अडकून राहते आणि कातडीपर्यंत पाणी पोहोचतच नाही. बुडी मारलेल्या पाणमांजराच्या अंगावरून चांदीसारखे बुडबुडे सुटताना दिसतात ना, ती ही हवा.

ही हवा टिकवायला लव सतत निगुतीनं ठेवावी लागते. पाण्यातून बाहेर आलं की पाणमांजर आधी अंग झटकतं आणि मग हिमात लोळतं. इथलं जानेवारीतलं हिम ओलं नसतं, साखरेसारखं सुटं आणि कोरडं असतं. कणीक मळून झाल्यावर आपण हाताला कोरडं पीठ चोळतो आणि चिकटलेलं निघून येतं, तसं ते कोरडं हिम केसांवरचं पाणी टिपून घेतं. लोळणं, घासणं, एकमेकांची मान चाटणं हे सगळं बघणाऱ्याला खेळ वाटतं. त्यातला मोठा भाग अंग पुसणं आहे.

लव बिघडली तर काय होतं हे अलास्कात दिसलं. 24 मार्च 1989 रोजी एक्झॉन वाल्डेझ हे तेलवाहू जहाज प्रिन्स विल्यम साउंडमध्ये खडकावर आदळलं आणि एक कोटी गॅलनहून जास्त कच्चं तेल पाण्यात गेलं. तिथली नदीतली पाणमांजरं समुद्रकिनाऱ्यालगत मासेमारी करतात. तेल लागलेल्या केसांत हवा राहत नाही, आणि चाटून साफ करावं तर तेल पोटात जातं. जी वाचली तीही तेलकट भागात नंतर वजनानं हलकी आढळली.

घसरगुंडीकडे येतो, कारण तुमचा व्हिडिओ तिथूनच सुरू झाला. या प्राण्याचे पाय आखूड. मऊ हिमात चार पावलं टाकली की पोट टेकतं. मग तो दोन-तीन उड्या मारतो, पुढचे पाय मागे घेतो आणि पोटावर सरकतो. पुन्हा उड्या, पुन्हा सरक. उतार तर सोडाच, सपाटीवर आणि थोड्या चढावरही असंच. हिमात उमटलेला माग वाचायला याच्याइतका सोपा कुठलाच नाही: दोन जोड ठसे, मग वीतभर रुंदीचा गुळगुळीत चर, पुन्हा दोन जोड ठसे. एका भोकापासून दुसऱ्या भोकापर्यंत, कधी अख्खी टेकडी ओलांडून दुसऱ्या नदीपर्यंत हा चर गेलेला असतो. चालण्यापेक्षा घसरणं स्वस्त पडतं, एवढंच.

मग खेळ अजिबात नाही का? आहे. आयडाहोतल्या त्याच अभ्यासात 294 निरीक्षणांपैकी जेमतेम सहा टक्क्यांत खेळ दिसला, आणि तोही बहुतेक पिल्लांचा आणि अर्धवट वयातल्यांचा. माझा अनुभव याच्या जवळपासच आहे. पण एका मार्चमध्ये सोडा ब्यूटच्या काठावर एक पूर्ण वाढलेली मादी तोच उतार चढून, तीच घसरगुंडी सात वेळा घसरली. खाली मासा नव्हता, भोक नव्हतं, पिल्लूही नव्हतं. मी वहीत "कारण?" एवढंच लिहून ठेवलंय.

भोकाचा एक तोटा आहे: ते सगळ्यांना दिसतं. कायोटी, म्हणजे आपल्या कोल्ह्याचा इथला धिप्पाड भाऊबंद, हिवाळ्यात भोकाशेजारी बसकण मारतो. पाणमांजर मोठा मासा घेऊन वर आलं की झडप. टकलं गरुड झाडावर बसून हेच करतात आणि कावळ्यांचे मोठे भाऊ रेव्हन उरलंसुरलं उचलतात. एकट्या पाणमांजराला मासा सोडून द्यावा लागतो. तीन-चार एकत्र असली की चित्र फिरतं. लामारवर एकदा एका कायोटीनं मासा पकडून ओढला, तर तीन पाणमांजरं एकदम पाण्यातून वर आली आणि फिस्कारत त्याच्या अंगावर गेली. कायोटी शेपूट घालून वीस पावलं मागे सरला आणि तिथेच बसून राहिला. त्याला घाई नव्हती. तासाभरानं त्यानं दुसरा मासा नेलाच. कधीमधी लांडगे आणि प्यूमा, म्हणजे इथलं मोठं रानमांजर, बर्फावर सापडलेल्या पाणमांजराला मारतातही. पाण्यापासून दूर, उघड्या लादीवर ते फार दुबळं असतं.

कुटुंबाचं गणितही हिवाळ्याला धरूनच बसवलेलं आहे. मादी पिल्लं देते साधारण फेब्रुवारी ते एप्रिलच्या दरम्यान, आणि त्यानंतर लगेच पुन्हा माजावर येते. पण गर्भ वाढायला लागत नाही. तो आठ-दहा महिने गर्भाशयात निजून राहतो आणि पुढच्या हिवाळ्यात रुजतो. रुजल्यानंतरची खरी वाढ दोनेक महिन्यांचीच. त्यामुळे बर्फ सुटून माशांची रेलचेल होते तेव्हा पिल्लं पोहायला शिकण्याच्या वयात येतात. दोन-तीन पिल्लं, जन्मतः आंधळी, महिन्याभरानं डोळे उघडतात. आणि पाण्याला घाबरतात! आई मानगुटीला धरून त्यांना ओढत पाण्यात नेते. नर या सगळ्यात कुठेच नसतो. आपल्याकडच्या नद्यांतली मऊ केसांची पाणमांजरं नर-मादी-पिल्लं असा संसार करून एकत्र फिरतात. इथे हिवाळ्यात जो कळप दिसतो तो बहुतेक आई आणि तिची गेल्या वसंतातली पिल्लं असतो. अलास्काच्या किनाऱ्यावर मात्र नरांच्या टोळ्या जमतात आणि थव्यानं पोहणारे मासे मिळून घेरतात.

दुर्गंधीबद्दल कुणी विचारत नाही, म्हणून मीच सांगतो. पाणमांजरांच्या ठरलेल्या शौचाच्या जागा असतात. काठावरचं टेकाड, पडलेला ओंडका, दोन पाण्यांमधली वाट. मागचे पाय आलटून पालटून आपटत, शेपूट उभी करून ते जो नाच करतात तो पाहून पर्यटक टाळ्या वाजवतात, मग कळतं कार्यक्रम कशाचा होता. या जागा म्हणजे त्यांची सूचनाफलकाची भिंत: कोण आलं, कोण गेलं, कुठली मादी माजावर आहे. खवले आणि काट्यांनी भरलेली ही विष्ठा हुंगत-चाळत संशोधकांनी बरंच काही शोधलं. पाण्यातलं नत्र माशांच्या रूपानं काठावर येतं आणि त्या जागेवरची झाडं ते घेतात, हे नत्राच्या समस्थानिकांवरून, म्हणजे त्याच्या कमी-जास्त वजनाच्या अणूंवरून, सिद्ध झालंय. यलोस्टोन सरोवराच्या काठच्या पाइन वृक्षांनाही पाणमांजरं अशी खत घालतात.

आणि इथे मला जे सांगायचंय त्यावर येतो. या सरोवराच्या पाणमांजरांना थंडीनं कधी हरवलं नाही. उद्यानातली नीचांकी नोंद 9 फेब्रुवारी 1933ची, उणे 54 अंश सेल्सिअस. तेव्हाही पाणमांजरं टिकली. त्यांना फटका दिला एका माशानं. सरोवरातला मूळचा मासा कटथ्रोट ट्राउट; गळ्याखाली तांबडा चरा असतो म्हणून हे नाव. हा मासा उथळ पाण्यात वावरतो आणि उन्हाळ्याच्या तोंडावर अंडी घालायला ओढ्यांत शिरतो. पाणमांजर, अस्वल, मत्स्यगरुड सगळ्यांची तेव्हा दिवाळी. 1994 साली सरोवरात लेक ट्राउट सापडला. हा परका मासा, बहुधा कुणीतरी गुपचूप आणून सोडलेला. तो कटथ्रोट खातो, पण स्वतः खोल पाण्यात राहतो आणि अंडीही सरोवरातच घालतो. म्हणजे मासा खाणारा मासा आला, पण तो पाणमांजराच्या पंजात येणारा नाही. क्लिअर क्रीक या एका ओढ्यात 1978 साली सत्तर हजारांवर कटथ्रोट चढले होते. 2007 साली चढले 538.

पाणमांजरांच्या विष्ठेत हे दिसलं. कटथ्रोटचे अंश कमी झाले, सकरसारख्या दुसऱ्या माशांचे वाढले, काठावरच्या काही ठरलेल्या जागा ओस पडल्या. पाण्यातून येणारं खतही त्या झाडांना कमी मिळू लागलं. त्यानंतर उद्यानानं जाळी लावून लाखोंनी लेक ट्राउट काढले, अजून काढताहेत, आणि कटथ्रोट सावरू लागलाय. जाळ्यांच्या होड्या उन्हाळाभर सरोवरात दिसतात. पर्यटक विचारतात, राष्ट्रीय उद्यानात मासेमारी कशी काय चालते? मग हे सगळं पहिल्यापासून सांगावं लागतं.

माणसानं याआधीही एकदा त्यांना जवळपास संपवलं होतं, केसाळ कातड्यासाठी. 1670 साली स्थापन झालेल्या हडसन बे कंपनीपासूनचा तो धंदा. विसाव्या शतकात कित्येक अमेरिकी राज्यांत पाणमांजर उरलंच नव्हतं. 1976 ते 1998 या काळात एकवीस राज्यांत मिळून चार हजारांवर पाणमांजरं पकडून आणून सोडली गेली आणि बऱ्याच ठिकाणी ती रुजली. काही राज्यांत आज पुन्हा कायदेशीर सापळे लागतात. त्यावर इथे दोन तट आहेत. मी कुठल्या तटात आहे ते वरचं वाचून कळलंच असेल.

आता तुमचा शेवटचा प्रश्न. फेब्रुवारी हा उत्तम महिना. हिवाळ्यात पाणमांजरं दिवसाउजेडी जास्त हिंडतात, आणि पांढऱ्यावर काळपट अंग लांबून उठून दिसतं. साध्या गाडीनं जायचं तर गार्डिनरहून कुक सिटीकडे जाणारा उत्तरेचा एकच रस्ता उघडा असतो. तो लामार आणि सोडा ब्यूटच्या काठानंच जातो. आतल्या भागात, फायरहोल-मॅडिसनकडे, डिसेंबरच्या मध्यापासून मार्चच्या मध्यापर्यंत बर्फावर चालणाऱ्या स्नोकोचनं जाता येतं. नियमानं तेवीस मीटर अंतर राखायचं, पण मी दुप्पट ठेवतो. भोक आणि पाणमांजर यांच्या मध्ये मात्र कधीही उभं राहू नका. पहिल्या वर्षी मी तीच चूक केली. फोटोच्या नादात भोकाच्या कडेला गेलो, आणि मासा तोंडात धरलेली मादी दहा मिनिटं उघड्या लादीवर अडकून पडली. शेवटी मासा टाकून पळाली. आणि गोंडस दिसतात म्हणून गाफीलही राहू नका: ऑगस्ट 2023मध्ये शेजारच्या मोंटानात जेफरसन नदीवर रबरी ट्यूबमधून तरंगणाऱ्या तीन महिलांना एका पाणमांजरानं चावून जखमी केलं होतं.

दुर्बीण आणा, कॅमेऱ्याच्या दोन जादा बॅटऱ्या आतल्या खिशात अंगाशी ठेवा, थंडीत त्या लगेच माना टाकतात. आणि नदीवर पोहोचल्यावर पाणमांजर शोधत बसू नका. लादीवर एकाच जागी, पाण्याकडे तोंड करून बसलेला कायोटी शोधा. भोक त्यानं आधीच शोधून ठेवलेलं असतं.